प्लेस्टेशन-२ : खेळ-फाइलींचे चालन

प्लेस्टेशन-२ या जुन्या व्हिडिओ खेळयंत्रात योग्य ते फेरफार करून, खेळाची मूळ तबकडी यंत्रात न घालता, तिच्यावरील संपूर्ण आशयाची प्रत असलेल्या फाइलीवरून खेळ चालविण्याची क्रिया. ही फाइल चुंबकीय हार्ड डिस्कवर, यूएसबी पेनमध्ये किंवा जाळ्याने जोडलेल्या संगणकात ठेवलेली असते. संगणकावर खेळयंत्राचे हुबेहूब अनुकरण करणाऱ्या आज्ञावलीहून ही क्रिया वेगळी आहे. येथे खेळ मूळ यंत्राच्याच प्रक्रियकांवर चालतो, फक्त त्याला माहिती पुरविणारा मार्ग बदललेला असतो. उत्पादन थांबलेल्या यंत्रांचे लेसर-वाचक झिजू लागल्याने आणि तबकड्या खराब होऊ लागल्याने या पद्धतीला खेळांच्या जतनाच्या दृष्टीने महत्त्व आले आहे. मात्र हीच पद्धत अनधिकृत प्रतींच्या प्रसारालाही उपयोगी पडत असल्याने ती प्रारंभापासून वादग्रस्त ठरली.

यंत्राची रचना : सोनी काँप्यूटर एंटरटेनमेंट या जपानी कंपनीने हे यंत्र ४ मार्च २००० रोजी जपानमध्ये व त्याच वर्षाच्या अखेरीस अमेरिका व यूरोप येथे विक्रीस आणले. त्याची जगभर १५ कोटींहून अधिक नगांची विक्री झाली. त्याचे उत्पादन २०१३ च्या सुरुवातीपर्यंत थांबले. यंत्रातील ‘इमोशन एंजिन’ हा मुख्य प्रक्रियक प्रारंभीच्या नमुन्यांत २९४·९१२ मेगाहर्ट्‌झ कंप्रतेवर चालतो. त्याला ३२ मेगाबाइट स्मृती असून चित्रनिर्मितीसाठी ४ मेगाबाइट स्मृती असलेला स्वतंत्र प्रक्रियक आहे. प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने अधिक महत्त्वाचा आहे तो तिसरा, आदान-प्रदान प्रक्रियक. तबकडी, मेमरी कार्ड, यूएसबी व जाळे यांच्याशी होणारा सर्व व्यवहार हा दुय्यम प्रक्रियकच सांभाळतो आणि त्याला अवघी २ मेगाबाइट स्मृती आहे. पहिल्या प्लेस्टेशनमध्ये जो मुख्य प्रक्रियक होता, तोच येथे या दुय्यम कामाला लावलेला आहे. जुने खेळ नव्या यंत्रावर चालावेत, हाही त्यामागील एक हेतू होता.

जाड ठेवणीच्या बहुतेक नमुन्यांच्या मागील बाजूस विस्तार-कप्पा आहे. त्यात जाळे-जोडणीचे उपकरण व त्यासोबत हार्ड डिस्क बसविता येते. कंपनीने स्वतः ४० गिगाबाइटची डिस्क विक्रीस आणली होती, तसेच २००२ मध्ये या यंत्रासाठी लिनक्स प्रणालीचा संच काढला होता. २००४ मध्ये आलेल्या सडपातळ नमुन्यात हा कप्पा नाही, पण जाळे-जोडणी अंगभूत आहे. पुढे केवळ एका नमुन्यात कप्पा आहे की नाही यावरून फाइली चालविण्याचा मार्ग ठरू लागला आणि जुन्या बाजारात जाड यंत्राला मागणी राहिली.

संरक्षणव्यवस्था : मूळ स्थितीतील यंत्रावर कोणतीही खेळ-फाइल थेट चालत नाही, त्याला तीन अडसर आहेत. पहिला अडसर तबकडीच्या अस्सलपणाचा. पहिल्या प्लेस्टेशनच्या तबकडीवर आरंभीच्या भागातील सर्पिल मार्गाला सूक्ष्म लहरीप्रमाणे डुलवून त्यात काही अक्षरे सांकेतिक रूपात नोंदविलेली असत. घरगुती लेखनयंत्रात वापरल्या जाणाऱ्या कोऱ्या तबकडीवर मार्गाची खाच कारखान्यातच आखलेली असल्याने ही डुलती खूण तिच्यावर उठविता येत नाही. प्लेस्टेशन-२ मध्येही वापरकर्त्याच्या माहितीक्षेत्राबाहेरील खूण तपासण्याचे तत्त्व कायम असून हे काम तबकडी-चालकाचे नियंत्रण करणारी ‘मेकाकॉन’ ही चिप करते. येथे एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे : खूण नकलता येत नसली, तरी खेळाची माहिती मात्र साध्या संगणकाच्या डीव्हीडी-चालकाला वाचता येते. म्हणजे कुलूप माहितीला नसून यंत्राच्या दाराला आहे.

दुसरा अडसर प्रदेशविभागणीचा. जपान, उत्तर अमेरिका आणि यूरोप यांच्यासाठी वेगवेगळी यंत्रे व तबकड्या काढलेल्या होत्या. भारतातील दूरचित्रवाणी पाल पद्धतीची असल्याने येथे पाल पद्धतीच्या तबकड्या विकल्या जात. अमेरिकेहून आणलेल्या यंत्रावर त्या चालत नसत. तिसरा अडसर ‘मॅजिकगेट’ या सांकेतिकीकरणाचा. मेमरी कार्डावरून एखादी आज्ञावली चालवावयाची झाल्यास ती या पद्धतीने सांकेतिक केलेली आणि त्या विशिष्ट कार्डाशी बांधलेली असावी लागते. एका कार्डावरून दुसऱ्यावर केलेली साधी नक्कल निरुपयोगी ठरते.

फेरफाराच्या पद्धती : सर्वांत जुनी पद्धत यंत्र उघडून आतील मंडलफलकावर ‘मॉडचिप’ डकविण्याची होय. बारीक तारांचे अनेक जोड अचूक डाख देऊन करावे लागत. हात चुकला तर यंत्र कायमचे निकामी होई. ही चिप तपासणीच्या नेमक्या क्षणी मध्ये पडून ‘तबकडी अस्सल आहे’ असा संकेत पुरविते. चिप न लावता, अस्सल तबकडीची तपासणी झाल्यावर चालकाला कळू न देता ती बदलण्याची युक्तीही प्रचारात होती.

यंत्र न उघडता फेरफार करण्याचा मार्ग २००३ मध्ये सापडला. पहिल्या प्लेस्टेशनची तबकडी घातली असता नवे यंत्र मेमरी कार्डावरील एका सूचीत त्या खेळाचे नाव व त्यासाठी लागणाऱ्या खास सूचना शोधते. सूचीतील नोंदीची लांबी तपासण्याची तजवीज मात्र केलेली नव्हती. छापील अर्जातील रकान्यात न मावणारे लांबलचक नाव लिहिले, तर अक्षरे शेजारच्या रकान्यावर चढतात. तसेच येथे घडते. प्रमाणाबाहेर लांब नोंद स्मृतीतील पुढच्या जागेवर लिहिली जाते आणि तेथे ‘यानंतर कोठे जावयाचे’ हा पत्ता असल्याने यंत्राचे नियंत्रण परक्या आज्ञावलीच्या हाती जाते. या पद्धतीत प्रत्येक वेळी जुन्या खेळाची एक तबकडी घालावी लागे, ही तिची गैरसोय होती.

२००८ मध्ये प्रसृत झालेल्या ‘फ्री मॅकबूट’ या आज्ञावलीने ती गैरसोय दूर केली. तिचे मूळ यंत्राच्या इतिहासात आहे. जपानमध्ये विकलेल्या अगदी पहिल्या यंत्रांत चित्रपटांच्या डीव्हीडी दाखविणारी आज्ञावली अंगभूत नव्हती. ती मेमरी कार्डावर पुरविलेली होती. अशा सुधारणा पुढेही देता याव्यात म्हणून यंत्र सुरू होताच कार्डावर एका ठरावीक नावाच्या कप्प्यात सुधारित आज्ञावली आहे काय, हे पाहते आणि ती योग्य रीतीने सांकेतिक केलेली असल्यास स्वतःच्या आज्ञावलीऐवजी तिला चालविते. फ्री मॅकबूट अशी ‘सुधारणा’ म्हणून कार्डावर बसते. कार्डाशी बांधणी करण्याचे काम खुद्द यंत्राच्या सुरक्षा-यंत्रणेकडूनच करवून घेतले जाते. त्यामुळे ती पहिल्यांदा बसविण्यासाठी आधीच मोकळे झालेले एखादे यंत्र लागते. एकाच्या यंत्रावर अनेकांची कार्डे तयार होत, ती याच कारणाने. ज्या सोयीने निर्मात्यांना स्वतःच्या चुका दुरुस्त करता याव्यात, तीच सोय बाहेरच्यांना दार ठरली. २००८ च्या अखेरीस ९०००० मालिकेतील यंत्रांच्या नव्या अंतर्गत आज्ञावलीत (आवृत्ती २·३०) ही सोय काढून टाकण्यात आली आणि त्या यंत्रांवर फ्री मॅकबूट चालत नाही.

अशा उशिराच्या यंत्रांसाठी मार्ग २०२० मध्ये निघाला. चित्रपटाच्या डीव्हीडीला अस्सलपणाची खूण आवश्यक नसते. घरी लिहिलेली तबकडीही यंत्र चित्रपट म्हणून स्वीकारते. अशा तबकडीवरील माहितीसूचीच्या फाइलीत मुद्दाम अवाजवी आकडे भरून ‘फ्री डीव्हीडीबूट’ ही पद्धत यंत्राची स्मृती वर वर्णिलेल्या रीतीनेच ओलांडते. २०२१ मध्ये मेकाकॉन चिपमधील दोष वापरून नंतरच्या नमुन्यांचा प्रदेश-संकेतच बदलण्याची ‘मेकाप्वन’ ही पद्धत पुढे आली. उत्पादन थांबून सात-आठ वर्षे उलटलेल्या यंत्राचा इतका बारकाईने अभ्यास चालू राहावा, ही लक्षणीय बाब आहे. हा अभ्यास बहुतांशी हौशी अभियंत्यांनी विनामोबदला केलेला आहे.

फाइल आणि तिचे चालन : खेळाच्या तबकडीवरील माहिती प्रत्येकी २,०४८ बाइटांच्या खंडांत विभागलेली असते. पहिल्यापासून शेवटच्या खंडापर्यंत सर्व खंड त्याच क्रमाने एका फाइलीत उतरविले म्हणजे तबकडीची ‘प्रतिमा’ तयार होते. विस्तारनामावरून तिला आयएसओ फाइल म्हणतात. एकपदरी डीव्हीडीची प्रतिमा सु. ४·७ अब्ज बाइटांपर्यंत असते. सीडीवर निघालेल्या खेळांची पुष्कळच लहान असते.

ही प्रतिमा चालविण्यासाठी ‘ओपन पीएस-टू लोडर’ ही मुक्त स्रोत आज्ञावली सर्वाधिक वापरतात. तिचे कार्य थोडक्यात असे : खेळ आदान-प्रदान प्रक्रियकाकडे ‘तबकडीवरील अमुक क्रमांकाच्या खंडापासून इतके खंड द्या’ अशी मागणी करतो. सामान्यतः ही मागणी तबकडी-चालकाच्या आज्ञावलीकडे जाते. लोडर त्या आज्ञावलीच्या जागी त्याच नावाची व तशीच उत्तरे देणारी आपली आज्ञावली बसवितो. ती तोच खंड प्रतिमा-फाइलीतून काढून देते. खेळाला फरक कळत नाही. पुष्कळसे खेळ सुरू होताना दुय्यम प्रक्रियकाची स्मृती पुसून आपापल्या आज्ञावल्या नव्याने भरतात. त्या वेळी बदली आज्ञावलीही पुसली जाऊ नये म्हणून लोडरचा एक छोटा अंश मुख्य प्रक्रियकाच्या स्मृतीत दडून राहतो आणि दर वेळी तिची पुनःस्थापना करतो.

सर्व अडचणींचे मूळ जागेच्या टंचाईत आहे. खेळ चालू असताना ३२ मेगाबाइट मुख्य स्मृतीवर खेळाचाच हक्क असतो आणि २ मेगाबाइटांच्या दुय्यम स्मृतीतही खेळाच्या ध्वनी, कार्ड इत्यादींच्या आज्ञावल्या असतात. उरलेल्या चिंचोळ्या जागेत फाइलींची सूची चाळत बसण्यास वाव नसतो. म्हणून लोडरच्या जुन्या आवृत्त्या फाइलीचा आरंभ कोठे आहे एवढेच लक्षात ठेवून पुढील खंडाचे स्थान साध्या बेरजेने काढीत. त्यासाठी फाइल यूएसबी पेनमध्ये सलग असावी लागे. जुन्या फाइली पुसून त्यांच्या रिकाम्या जागांत नवी फाइल भरली, तर ती तुकड्यांत विभागली जाते आणि खेळ सुरूच होत नाही किंवा मध्येच थबकतो. कोऱ्या केलेल्या पेनमध्ये एकामागून एक फाइली भराव्यात, या सर्वत्र दिल्या जाणाऱ्या सूचनेमागील कारण हे होय.

दुसरे बंधन फॅट-३२ या फाइलव्यवस्थेचे. तिच्यात एका फाइलीचा आकार ४ गिगाबाइटांपेक्षा (सु. ४·२९ अब्ज बाइट) कमीच असावा लागतो, भरगच्च डीव्हीडीची प्रतिमा त्यात बसत नाही. म्हणून अशा प्रतिमेचे प्रत्येकी १ गिगाबाइटपर्यंतचे भाग करून त्यांची नोंद एका लहान सूची-फाइलीत ठेवीत. लोडरच्या नव्या आवृत्त्यांत एक्सफॅट व्यवस्थेची सोय झाल्याने हा खटाटोप उरलेला नाही.

माहितीपुरवठ्याचे मार्ग : यंत्राचा डीव्हीडी-चालक चौपट वेगाचा असून तो सेकंदाला सु. ५·५ मेगाबाइट माहिती देऊ शकतो. यंत्रावरील यूएसबी मात्र पहिल्या पिढीची (१·१) आहे. तिचा तात्त्विक वेग सेकंदाला १२ मेगाबिट, म्हणजे १·५ मेगाबाइटच. प्रत्यक्षात तो याहूनही कमी पडतो. पेन कितीही नवा व वेगवान असला तरी उपयोग नाही. परिणामी खेळातील चलच्चित्रे अडखळतात, ध्वनी तुटतो, तर मोठ्या मुक्त भूप्रदेशाच्या खेळांत रस्ते व इमारती उशिरा उमटतात. जे खेळ आरंभी सर्व माहिती स्मृतीत भरून घेतात, ते मात्र यूएसबीवरूनही सुरळीत चालतात.

जाळ्यावरून घेतलेली माहिती यूएसबीपेक्षा जलद मिळते व तिला फाइलीच्या आकाराचे बंधन नसते. मात्र लोडर त्यासाठी एसएमबी या नियमावलीची पहिली आवृत्ती वापरतो. ही आवृत्ती असुरक्षित ठरल्यामुळे २०१७ पासून विंडोजच्या नव्या आवृत्त्यांत ती मुळात बसविलेली नसते. घरच्या मुख्य संगणकावर ती पुन्हा चालू करणे धोक्याचे असल्याने या कामासाठी वेगळा छोटा संगणक ठेवणे श्रेयस्कर. जाड यंत्राच्या कप्प्यातील हार्ड डिस्क हा सर्वांत समाधानकारक मार्ग होय. तीवर कंपनीनेच आखलेली स्वतंत्र विभाजनपद्धती वापरावी लागते. त्यामुळे ती डिस्क संगणकाला जोडल्यास तो तिला ‘कोरी’ समजून पुसण्याची परवानगी मागतो व अनवधानाने होकार दिल्यास सर्व माहिती जाते.

तबकडीचा वेग व विलंब गृहीत धरून लिहिलेले काही खेळ माहिती अपेक्षेपेक्षा लवकर मिळाल्यानेही बिघडतात. त्यांच्यासाठी लोडरमध्ये माहिती मुद्दाम सावकाश देणे, चलच्चित्रे वगळणे, दुपदरी तबकडीचे अनुकरण करणे असे पर्याय आहेत आणि कोणत्या खेळाला कोणता पर्याय लागतो, याच्या याद्या वापरकर्त्यांनी अनुभवाने तयार केल्या आहेत. ८ मेगाबाइटांच्या मेमरी कार्डाचेही फाइलरूपात अनुकरण करता येते. झिजणाऱ्या कार्डांवरील जुन्या नोंदी वाचविण्यास त्याचा उपयोग होतो.

कायदा व जतन : तबकडीची प्रत करणे, यंत्राचे संरक्षण ओलांडणे आणि त्यासाठीची साधने विकणे या तीन वेगळ्या कृती असून निरनिराळ्या देशांतील कायदे त्यांकडे वेगवेगळ्या दृष्टीने पाहतात. त्यांची गल्लत केल्याने या विषयावरील चर्चा अनेकदा भरकटते. अमेरिकेत १९९८ च्या कायद्याने संरक्षण ओलांडणे हेच स्वतंत्रपणे निषिद्ध ठरविले. इंग्लंडच्या उच्च न्यायालयाने २००२ मध्ये प्लेस्टेशन-२ च्या मॉडचिपांच्या विक्रेत्याविरुद्ध निर्णय दिला. याउलट ऑस्ट्रेलियाच्या सर्वोच्च न्यायपीठाने ६ ऑक्टोबर २००५ रोजी स्टीव्हन्स खटल्यात कंपनीचा दावा फेटाळला. अस्सलपणाची तपासणी प्रत केली जाणे रोखत नाही, झालेली प्रत चालविणे तेवढे रोखते. आणि खेळ चालताना स्मृतीत येणारा अल्प अंश म्हणजे कृतीची ‘प्रत’ नव्हे, असा त्यामागील विचार होता. पुढच्याच वर्षी तेथील संसदेने कायदा बदलून ही पळवाट बंद केली.

भारतात १९५७ च्या प्रताधिकार कायद्याचे कलम ५२ संगणक-आज्ञावली कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला ती नष्ट वा खराब होण्यापासून तात्पुरते संरक्षण म्हणून राखीव प्रत करण्याची मुभा देते. २०१२ च्या दुरुस्तीने घातलेले कलम ६५ अ तांत्रिक संरक्षण ओलांडण्यास दोन वर्षांपर्यंत कैद व दंड सांगते, परंतु ती कृती प्रताधिकारभंगाच्या हेतूने केलेली असणे आवश्यक मानते. स्वतः विकत घेतलेल्या तबकडीची प्रत आणि परक्याने पसरविलेली प्रत यांत या कायद्याच्या दृष्टीने मोठे अंतर आहे. फाइल मात्र दोन्ही वेळा अक्षरशः एकच असते.

जतनाचा प्रश्न यापेक्षा निकडीचा आहे. अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेने २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार तेथे २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी सु. ८७ टक्के खेळ बाजारात कोणत्याही रूपात उपलब्ध नव्हते. पुस्तक छापणे थांबले तरी ग्रंथालयातील प्रत वाचता येते. खेळाची तबकडी जतन केली तरी ती वाचणारे यंत्र सुस्थितीत असावे लागते. ग्रंथालयांनी असे खेळ अभ्यासकांना दुरूनही वापरू द्यावेत, अशी मागणी अमेरिकेच्या प्रताधिकार कार्यालयापुढे करण्यात आली होती. ऑक्टोबर २०२४ मध्ये ती नामंजूर झाली. जतन केलेले खेळ प्रत्यक्ष ग्रंथालयात जाऊनच पाहावे लागतात.

भारतीय खेळांच्या आरंभकाळाचा काही भागही याच यंत्राशी निगडित आहे. हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीज या कंपनीचा हनुमान : बॉय वॉरिअर (२००९) आणि मुंबईच्या ट्राइन गेम्सचा रा.वन (२०११) हे खेळ प्लेस्टेशन-२ साठी निघाले होते. अशा तबकड्यांची प्रतिमा तयार केल्यावर ती निर्दोष आहे किंवा नाही, हे जतनकार्य करणारे हौशी गट एका बेरीजांकावरून ठरवितात. संपूर्ण फाइलीवर विशिष्ट गणिती क्रिया करून आलेला हा आकडा एका बिटाच्या फरकानेही बदलतो. म्हणून दोन वेगवेगळ्या तबकड्यांवरून स्वतंत्रपणे घेतलेल्या प्रतिमांचे बेरीजांक जुळले, तरच प्रत खात्रीची मानतात. लाखोंनी खपलेल्या खेळांच्या बाबतीत हे सहज साधते. कमी खपलेल्या खेळांच्या बाबतीत मात्र दुसरी, ओरखडे नसलेली तबकडी मिळविणे हीच या सर्व कामातील सर्वांत कठीण पायरी असते.